सात नंबरच्या पेटीतली राणी

१

सात नंबरच्या पेटीतली राणी नाहीशी झाली ती नेमकी तात्यांच्या निवृत्तीच्या आदल्या दिवशी.

मधमाश्यांच्या त्या संशोधन केंद्रात पेट्या पुष्कळ होत्या, पण सात नंबरचा रुबाब वेगळा. तात्या तिथले प्रमुख मधपाळ. त्यांनी अख्खी नोकरी घालून न डसणाऱ्या माश्यांचा एक वाण घडवला होता, आणि त्या वाणाची आई सात नंबरमध्ये नांदत होती. निवृत्त होणाऱ्या मधपाळाने पेट्या एकेक करून उघडायच्या, राणी दाखवायची आणि नव्या माणसाच्या ताब्यात द्यायची, ही तिथली रीत. त्या सकाळी देणारे तात्या, घेणारी त्यांचीच सून आणि देखरेखीला संचालक. आधीच्या पेट्या बिनबोभाट पार पडल्या. सातवी उघडली, चौकटी उन्हात धरल्या, तिघांनी डोळे फाडफाडून पाहिलं. राणी नव्हती.

ताब्यात देण्याआधी जे हरवतं ते देणाऱ्याच्या माथी बसतं. संचालकांनी झाकणाला सील ठोकलं आणि संध्याकाळी, निरोपाची भाषणं व्हायची त्या वेळेला, तात्यांच्या हातात आरोपपत्र ठेवलं. राणी चोरून बाहेर विकली, असा आरोप. एक दिवस उशीर झाला असता तर तात्या सुखरूप घरी गेले असते. पण केंद्राचा नियम असा, की आरोपपत्र एकदा हातात पडलं की निवृत्तीचं वय उलटलं तरी चौकशी संपेपर्यंत माणूस नोकरीतच. निलंबित असला तरी त्याने रोज केंद्रात हजर राहायचं. आणि तोपर्यंत त्याची जागा दुसऱ्या कुणाला द्यायची नाही.

याला वर्ष उलटलं. तात्या रोज हजर राहत, पेट्यांसमोरच्या बाकावर बसून सुनेच्या चुका मोठ्याने मोजत. सुनेची त्या जागेवर निवड होऊन बसली होती, पण हातात हुकूम नाही. निवडयादी या महिनाअखेरीस बाद होणार होती. मग पुन्हा जाहिरात, पुन्हा परीक्षा, आणि परीक्षेला बसायचं तिचं वय तर केव्हाच उलटलेलं. म्हणजे चौकशी या महिन्यात संपली नाही तर सूनबाईचा पत्ता कायमचा कट. सूनबाई हे तिचं घरातलं नाव, पण केंद्रातही सगळे तेच म्हणत. म्हणताना जरा हसत.

आधीचे दोन चौकशी अधिकारी तात्यांनीच पळवून लावले होते. पहिल्याने तारखांवर तारखा देऊन कंटाळून प्रकृतीचं कारण काढलं. दुसरा भलत्याच पेटीजवळ जाऊन उभा राहिला आणि तोंड सुजवून घेऊन परतला. तिसरी आली ती एक निवृत्त न्यायाधीशबाई. कोर्टात तिला कात्री म्हणायचे, कारण ती कुणाचं वाक्य पुरं होऊ देत नसे.

"तारीख द्या," तात्या उभं न राहताच म्हणाले. "माझी तयारी नाही."

"वर्षभर काय करत होतात?"

"बसलो होतो. नियमाने."

"तारीख मिळणार नाही. या आठवड्यात मी हे प्रकरण संपवणार आहे."

संचालक, भांडारपाल, सूनबाई, सगळे टेबलाशी बसले होते. तात्यांनी एकेकाच्या तोंडाकडे सावकाश पाहिलं आणि सुनेपाशी थांबले.

"मग ऐका बाई. ज्याने हे केलं तो या खोलीतच बसलाय. आणि मी नाव सांगणार नाही. तुमची अक्कल चालवा."

२

संचालक वयाने लहान आणि आवाजाने मोठे होते. त्यांनी बाईंसमोर खुर्ची ओढली आणि विचारायच्या आधीच बोलायला लागले.

"मॅडम, सरळ प्रकरण आहे. किल्ली त्यांच्याकडे, जबाबदारी त्यांची, आदल्या संध्याकाळी पेटी उघडली तीही त्यांनी एकट्याने. शेवटचं एकदा बघून घेतो म्हणाले. म्हातारा जाता जाता हात मारून..."

"विकली कुणाला?"

"ते काही सांगत..."

"म्हणजे माहीत नाही. पेटी उघडली तेव्हा माश्या कशा होत्या?"

संचालक गोंधळले. हा प्रश्न आधीच्या दोघांनी विचारला नव्हता. "शांत. अगदी शांत होत्या. तो वाणच तसा आहे."

"तुम्ही राणी ओळखता कशी?"

"सोपं आहे. प्रत्येक राणीच्या पाठीवर रंगाचा ठिपका असतो. दरवर्षी वेगळा रंग. हजारो माश्यांत तो एक ठिपका शोधायचा. सूनबाई कामाला लागली तेव्हा तिनेच ही पद्धत आणली, मी लगेच सक्तीची केली. पूर्वी अर्धा दिवस जायचा, आता चुटकीसरशी होतं."

"आणि सील काढल्यावर?"

"महिन्याने काढलं. आत राणी होती, बिनठिपक्याची. राणी गेली की माश्या आपल्या आपण नवी तयार करतात. सूनबाईने तिला त्या वर्षीचा हिरवा ठिपका लावला. पण नवी ती नवी. चोरीला गेली ती गेलीच!"

बाईंनी टेबलावर बोटं वाजवली. हा माणूस त्यांना मुळीच आवडला नव्हता, पण खोटं बोलत नव्हता. खोटं बोलायला जरा विचार करावा लागतो, आणि या गृहस्थाला तेवढी उसंत नव्हती.

भांडारपाल त्याच्या उलट. त्याला उसंतच उसंत. तो कोठाराच्या दारात पाय पसरून बसला होता आणि बाई आल्या तरी त्याने पाय फक्त आखडले.

"मी काही पाहिलं नाही, ऐकलं नाही. पण विचारताच आहात म्हणून सांगतो. आपल्या संचालकसाहेबांच्या मेहुण्याचा मधाचा धंदा आहे. नदीपलीकडे. राणी कुठे गेली असेल बरं?" आणि त्याने डोळे मिचकावले.

"पाहिलीत तिथे?"

"मला काय ओळखू येते राणी? मी खिळे आणि फळ्या मोजणारा माणूस. पण कान आहेत मला. राणी गेली ना, की पेटी रडते. तासाभरात. आतून कण्हल्यासारखा आवाज येतो. या भिंतीमागेच सात नंबर आहे."

"त्या दिवशी रडली?"

भांडारपालाने वळून भिंतीकडे पाहिलं. मग तो सावकाश म्हणाला, "नाही हो. त्या दिवशी नाही, आणि नंतरही कधी नाही."

३

सूनबाई प्रयोगशाळेत उभी राहून बोलली. बसा म्हटलं तरी बसली नाही.

"मला काय विचारायचंय ते विचारा. मी चोरली असं तात्या घरीदारी सांगतात, ते मला ठाऊक आहे."

"एकाच घरात राहता?"

"एकाच घरात. नवरा दूर नोकरीला, महिन्यातून एकदा येतो. घरात आम्ही दोघंच. मी स्वयंपाक करते, ते जेवतात, आणि ताट उचलताना सांगतात की मी त्यांच्या राण्यांना टिकल्या लावून नटव्या केल्या. वर्षभर हेच चाललंय." तिचा आवाज चढला. "मी त्यांच्या हाताखाली शिकले, बाई. लग्नाआधीपासून. त्यांनीच मला सून करून घेतलं, केंद्रातली हुशार मुलगी म्हणून. आणि त्यांच्या जागेवर माझं नाव लागलं त्या दिवसापासून मी घरातली शत्रू झाले."

बाईंना तिचा राग येईना, म्हणून त्यांनी आवाज आणखी कोरडा केला. "राणी चोरून तुमचा काय फायदा?"

"काही नाही! दुसऱ्याच दिवशी मी प्रमुख होणार होते. चोरी झाली आणि सगळं अडकलं."

"तुम्ही राणी ओळखता कशी?"

"ठिपक्यावरून. वेळ वाचतो."

"ठिपका नसेल तर?"

"वेळ लावला तर सापडेल. पण सवय गेली." तिने ते प्रामाणिकपणे सांगितलं. "त्या दिवशी त्याच्या आदल्या वर्षीचा लाल ठिपका शोधत होतो. नव्हता."

"आता हे सांगा. माश्या नवी राणी तयार करतात तेव्हा पेटीत काय दिसतं?"

"राणीघर. मेणाचं, भुईमुगाच्या शेंगेसारखं लोंबतं. राणी बाहेर पडली तरी रिकामं टरफल बरेच दिवस राहतं."

"सील काढलं तेव्हा सात नंबरमध्ये दिसलं?"

सूनबाईने खुर्ची ओढली. मग ती बसली.

"नाही," ती म्हणाली. "एकही नव्हतं. देवा... मी पाहिलंच नाही त्या नजरेने. सगळे नवी राणी, नवी राणी म्हणत होते."

"नवी नव्हतीच ती."

"मग ती..."

"कुठे गेलीच नाही," बाई म्हणाल्या. "तुम्ही तिघं तिच्याकडे बघत होतात. आता मला एवढंच शोधायचंय, की त्या तिघांपैकी कुणाला ती दिसली होती."

४

तात्या बाकावर बसले होते. बाई जाऊन शेजारी बसल्या. सात नंबरच्या दारातून माश्या जात येत होत्या, आणि एक माशी बाईंच्या मनगटावर उतरून चालू लागली. बाईंनी हात ताठ केला.

"घाबरू नका. या डसत नाहीत," तात्या तुच्छतेने म्हणाले. "माणसांपेक्षा बऱ्या."

"तुम्ही प्रकरण लांबवता का? निर्दोष माणसाला घाई असते."

"निर्दोष माणसाला कसली घाई? दोषी आहे तो पळेल."

"आणि पेन्शन?"

"जाऊ दे चुलीत."

बाईंनी माशीकडे पाहत विचारलं, "तुम्हालाही ठिपका लागतो का, राणी ओळखायला?"

तात्या इतके भडकले, की बाकच हलला. "ठिपका? ठिपका लागतो आंधळ्यांना! साहेबाला लागतो, माझ्या सुनेला लागतो. मी उभी हयात बिनठिपक्याच्या राण्या बघितल्या. चालीवरून कळते. बाकीच्या वाट सोडतात, तिच्याभोवती तोंडं करून उभ्या राहतात. मिटल्या डोळ्यांनी सांगेन मी!"

"असं?"

"असंच."

बाईंनी मनगटावरची माशी उडू दिली. त्यांना सगळं कळलं होतं, आणि ते कळल्याचा आनंद मात्र झाला नव्हता. त्यांना स्वतःचं घर आठवलं. निवृत्तीनंतरचा पहिला सोमवार आठवला, कपडे करून दारात उभ्या राहिलेल्या आणि जायला कुठेच नसलेल्या त्या. म्हणून तर त्या गावोगावच्या चौकश्या घेत हिंडत होत्या. हा म्हातारा त्यांना नको इतका समजला, आणि त्याबद्दल त्यांना त्याची चीड आली. त्यांनी निदान कुणाच्या ताटात माती कालवली नव्हती.

पण कळणं वेगळं आणि सिद्ध होणं वेगळं. हा कबूल होणारा नव्हता. बाई उठल्या, प्रयोगशाळेत गेल्या, दार लावून घेतलं आणि सूनबाईशी हळू आवाजात बोलल्या. बाहेर आल्या तेव्हा सूनबाईचा चेहरा उतरला होता.

"उद्या सकाळी सर्वांसमोर सात नंबर उघडायची," बाईंनी संचालकांना फर्मावलं.

५

सकाळी पेटी उघडली. सूनबाईने चौकटी एकेक बाहेर काढून उन्हात धरल्या. संचालक जाळीची टोपी घालून वाकले, बघता बघता त्यांचा आवाज फाटला.

"हिरवा ठिपका नाही! मॅडम, राणी नाही! पुन्हा चोरी!"

सात नंबरची राणी पुन्हा नाहीशी झाली होती. भांडारपाल दोन पावलं मागे सरला, जणू काही चोर त्याच्या खिशातच बसला होता. "मी काल किल्ली दिली नाही कुणाला," तो न विचारताच म्हणाला.

तात्या बाकावरून उठले नाहीत. फक्त मान उंचावून बघत होते.

"तुम्ही बघा," बाई सूनबाईला म्हणाल्या.

सूनबाईने चौकट फिरवली, दुसरी घेतली, तीही फिरवली. "नाही. राणी नाही यात."

"नक्की?"

"नक्की. बिनराणीची पेटी ठेवून उपयोग नाही. या माश्या आठ नंबरमध्ये ओतून टाकू. मिसळून जातील."

"ओतून टाका," संचालक म्हणाले. "संपवा एकदाचं."

सूनबाईने आठ नंबरचं झाकण काढलं, सात नंबरची चौकट उचलली आणि त्या पेटीवर आडवी धरली. एका पेटीत दोन राण्या आल्या की एकच जगते, हे तिथल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. पण सात नंबरमध्ये राणी आहे हे ज्याला ठाऊक, त्यालाच त्याची भीती.

"अगं ए!" तात्या धावत आले. त्या वयाचा माणूस इतका धावेल असं कुणाला वाटलं नव्हतं. त्यांनी सुनेच्या हातातली चौकट हिसकावली. "मारतेस काय तिला? डोळे फुटले का तुझे? ही काय! ही बघ, ही चाललीय! ढळढळीत दिसतेय, आणि म्हणे नाही! काय शिकवलं मी तुला? आंधळे आहात सगळे, आंधळे!"

त्यांचं बोट चौकटीच्या मधोमध होतं. तिथे एक लांबट, गडद माशी सावकाश चालत होती, आणि बाकीच्या तिला वाट करून देत होत्या. तिच्या पाठीवर काहीच नव्हतं.

"ठिपका मीच पुसला, आज सकाळी," सूनबाई म्हणाली. "नखाने. तुम्ही पुसला होतात तसाच."

तात्यांचं बोट तिथेच राहिलं.

"तिघांनी पाहिलं होतं," बाई म्हणाल्या. "संचालक ठिपका शोधत होते, त्यांना दिसला नाही. तुमची सूनही ठिपकाच शोधत होती. दोघंही खरं बोलले. ज्याला ठिपका लागत नाही, असा तुम्ही एकटे होतात. आणि तुम्हीही नाही म्हणालात. आज क्षणात दिसली, मग त्या दिवशी का दिसली नाही, तात्या?"

तात्यांनी चौकट पेटीत परत ठेवली, अतिशय हळू, एकही माशी चिरडणार नाही अशी. मग वळले ते सुनेकडे.

"दिसली होती," ते म्हणाले. "हो, दिसली होती! आदल्या संध्याकाळी मीच ठिपका खरवडला. माझ्या हातची राणी, ती हिच्या ताब्यात द्यायची? हिने माझ्या माश्यांना नंबर लावायचे, रंग लावायचे, आणि मी घरात बसून हिच्या हातचं गिळायचं? बसा म्हटलं सगळे अडकून. चोरीच झाली नाही, तर सिद्ध काय करणार होतात? मी मरेपर्यंत चालली असती चौकशी. मेलो असतो तर नोकरीत मेलो असतो!"

६

दुपारी बाईंनी टेबलाशी सगळ्यांना बसवून निर्णय वाचला. लांबलचक नव्हता.

"आरोप एवढाच आहे, की राणी चोरून विकली. राणी पेटीतच होती, आणि आहे. चोरी झालेली नाही. आरोप सिद्ध होत नाही. तात्या निर्दोष आहेत."

संचालक ताडकन उठले. "निर्दोष? वर्षभर सगळ्यांना नाचवलं त्याचं काय? मी आजच्या आज नवं आरोपपत्र..."

"कुणावर?"

"यांच्यावर!"

"हे नोकरीत नाहीत. निर्दोष सुटलेला माणूस त्याच्या ठरल्या तारखेलाच निवृत्त होतो. म्हणजे हे गेल्या वर्षीच निवृत्त झाले. निवृत्त माणसावर नवं आरोपपत्र निघत नाही. तुमचाच नियम आहे, वाचा."

संचालक बसले. तात्या मात्र उभे राहिले. चौकशीच्या टेबलाशी ते पहिल्यांदाच उभे राहिले होते.

"बाई, मला दोषी ठरवा."

"कशाबद्दल?"

"कशाबद्दलही. मी फसवलं, लिहा की तसं! मी त्यावर अपील करीन. वरच्या कार्यालयात दाद मागीन. चौकशी चालू तर राहील."

"निर्दोष ठरल्याविरुद्ध अपील करता येत नाही, तात्या."

"तुम्हाला काय कळतंय? तुम्हालाही घरी बसवलं होतं ना? मग फिरताय कशाला असल्या चौकश्या करत?"

बाईंच्या ओठांवर उत्तर आलं आणि त्यांनी ते आयुष्यात पहिल्यांदाच गिळलं. टेबलावरचे कागद उचलले आणि सूनबाईचा नेमणुकीचा हुकूम आजच काढा, असं संचालकांना बजावून त्या निघाल्या. जाताना त्यांनी तात्यांकडे पाहिलं नाही. पाहिलं असतं तर त्यांना दया आली असती, आणि तात्यांनी ती सहन केली नसती.

हुकूम संध्याकाळच्या आत निघाला. दुसऱ्या दिवशी सूनबाई नेहमीपेक्षा लवकर आली. भांडारपालाकडून किल्ल्या घेतल्या, पेट्यांच्या आवाराचं फाटक आतून लावलं आणि सात नंबरचं झाकण काढलं. ठिपका पुन्हा लावायला तिने मुद्दाम रंग बरोबर घेतला नव्हता. ती बराच वेळ वाकून नुसती बघत राहिली. माश्या कुठे वाट सोडतात, कुठे तोंडं करून उभ्या राहतात, ते शोधत होती. दोनदा चुकली, मग सापडली.

मान वर केली तर फाटकाबाहेर तात्या उभे होते. रोजच्यासारखे दाढी करून, इस्त्रीचा सदरा घालून आले होते. बाक आत होता. त्यांनी फाटकाच्या गजांना हात लावला आणि काढून घेतला.

"चौकट तिरकी धरलीस," ते म्हणाले. मग घसा खाकरला, आणि ज्या आवाजात त्यांनी तिला कधीच काही विचारलं नव्हतं त्या आवाजात विचारलं, "येऊ का आत?"

सूनबाईने चौकट सरळ केली, पेटीत ठेवली आणि झाकण लावलं.

"आज नको," ती म्हणाली.